‘काहीसं’ काढा

सिनेमा सुरू होऊन दहा मिनिटं झाली की अण्णा शेजारच्या माणसाकडं झुकायचे आणि हळूच विचारायचे, “ह्यो कामाला कुठं हाय?”

शेजारचा माणूस ओळखीचा असलाच पाहिजे असं नाही. पडद्यावर हिरो मोटारसायकलवरून घाट उतरत असायचा, मागं कुणाची तरी ओढणी उडत असायची, गाणं ऐन रंगात आलेलं असायचं. तो बिचारा म्हणायचा, “काय की बुवा. दाखवलं न्हाई अजून.” अण्णा मान हलवून पुन्हा सरळ बसायचे. त्या माणसाचं गाणं मात्र तिथंच संपलेलं असायचं. उरलेला सिनेमाभर तो हिरोची नोकरी शोधत बसायचा. हे मी अनुभवानं सांगते. पहिल्यांदा त्यांच्या शेजारी बसले तेव्हा माझंही तेच झालं होतं.

अण्णा आमच्या दैनिकाचे चित्रपट परीक्षक. मी त्याच दैनिकाच्या सांगली कचेरीत पुरवणीची पानं लावते. त्यांचं नाव इथं देत नाही, कारण ते त्यांना आवडणार नाही. नुसतं अण्णा म्हटलं तर कुणी ओळखेल अशी भीतीही नाही. सांगलीच्या कुठल्याही चौकात उभं राहून ‘अण्णा’ अशी हाक मारून बघा, निदान पाचजण मागं वळतील.

परीक्षक म्हटल्यावर दाढी, झब्बा, खांद्याला झोळी असं काही तुमच्या डोळ्यांपुढं येत असेल तर ते काढून टाका. पांढरा शर्ट, पांढरी पँट, खिशाला दोन पेनं आणि दोन्ही हातांची बोटं कायमची पिवळी. मार्केट यार्डात त्यांच्या चुलतभावाचं हळदीचं अडत दुकान आहे. अण्णा तिथं माल पारखायचे. पोत्यातलं एक हळकुंड उचलायचं, टक्कन मोडायचं, आतला रंग उजेडात धरायचा आणि एका शब्दात निकाल द्यायचा. शेतकरी आणि खरेदीदार दोघंही तो निकाल मानायचे. घरची शेतीही होती, नदीकाठची, आणि तीही बहुतेक हळदीचीच. भाऊ बघायचा, पण लागणीला आणि काढणीला अण्णा रानात असायचेच.

शुक्रवारी मात्र दुकानातून अकरा वाजता उठायचे आणि बाराचा खेळ गाठायचे. त्यांनी आयुष्यात संध्याकाळचा खेळ पाहिला नाही. दिवस मावळायच्या आत जेवण हा घरचा नेम, आणि कुठल्याही दिग्दर्शकासाठी तो मोडायची त्यांची तयारी नव्हती. चार वाजता माझ्या टेबलासमोर बसून ते परीक्षण लिहायला घ्यायचे, साडेपाचला कागद माझ्यासमोर ठेवायचे आणि स्कूटर काढून घरी. एकटाकी अक्षर, खाडाखोड नाही, आणि प्रत्येक कागदाच्या खालच्या कोपऱ्यात एक पिवळा अंगठा.

बोलायचे आमच्याकडच्या रांगड्या बोलीत, पण हातात पेन आलं की त्यांच्या अंगात कुणी प्राध्यापक संचारायचा. ‘प्रस्तुत चित्रपटाचे कथासूत्र’, ‘दिग्दर्शकाची दृष्टी’, आणि दर परिच्छेदाला एक ‘तथापि’. मी एकदा विचारलं, “अण्णा, तुम्ही बोलता तसं का लिहीत नाही?”

ते दचकलेच. “पेपरात? पेपरात तसं कसं लिवायचं, मॅडम? लोक हसतील.”

लोक तसेही हसायचे, पण ते सिनेमावाल्यांना. एका सिनेमाबद्दल त्यांनी लिहिलं होतं, ‘सर्वांत सहज अभिनय म्हशीचा आहे. तथापि तिला मध्यंतरानंतर वाव मिळालेला नाही.’ सोमवारी धोतर-टोपीतला एक माणूस कचेरीत आला. म्हशीचा मालक. त्याला अंकाच्या पाच प्रती हव्या होत्या. अण्णांनी त्याला बसवून चहा पाजला आणि अर्धा तास त्याच्याशी म्हैस कॅमेऱ्यासमोर कशी उभी केली यावर चर्चा केली. “ह्या माणसाला खरं दिग्दर्शन कळतंय,” तो गेल्यावर ते म्हणाले.

मला लिहायला त्यांनीच शिकवलं. मी सुरुवातीला नाटकांवर वगैरे लिहायची तेव्हा ‘मन हेलावून गेलं’ असं काहीतरी ठोकून द्यायची. अण्णा वाचायचे आणि विचारायचे, “हेलावलं म्हंजे काय झालं? रडलासा? का खुर्चीत हललासा? तुमाला काय वाटलं ते ऱ्हाऊ द्या. काय बघितलं ते लिवा.”

एका सोमवारी दुपारी कचेरीच्या जिन्यातून एक तरुण माणूस वर आला. दाढी वाढलेली, हातात आमच्या अंकाचं कात्रण. “अण्णा कोण हितं?” त्यानं दारातूनच विचारलं. योगायोगानं अण्णा तिथंच बसले होते. आम्ही सगळे सावध झालो.

तो सुहास. सातारा जिल्ह्यातल्या मेढ्याच्या वरच्या अंगाच्या एका गावचा. पुण्यात राहून त्यानं एक सिनेमा काढला होता, सगळा आपल्याच भागात चित्रित केलेला. अण्णांनी त्यावर लिहिलं होतं, ‘दिग्दर्शकाने मेढ्याचे डोंगर मन लावून टिपले आहेत. तथापि त्या डोंगरांत राहणारी माणसे पुण्याहून सहलीला आल्यासारखी वाटतात.’

“ह्ये वाचून माझी आई दोन दिवस माझ्याशी बोलली न्हाय,” सुहास म्हणाला.

“बरं. मग?” अण्णांनी विचारलं.

“मग तिसऱ्या दिवशी म्हणली, खरं लिवलंय त्या माणसानं. आपल्यातलं कोण असं बोलतंय?” सुहास खुर्ची ओढून बसला. “आवं अण्णा, म्या भांडायला न्हाय आलो. तुमास्नी न्यायला आलोय. फुडल्या सिनेमाची पटकथा तुमी लिवायची.”

अण्णा मोठ्यानं हसले. “गड्या, मी पारखी हाय. हळद पारखणारा हळद पिकवत न्हाई.”

सुहासनं त्यांच्या पिवळ्या बोटांकडं पाहिलं. “तुमी तर पिकवताय की. चौकशी करूनच आलोय.”

सगळी कचेरी हसली. अण्णांचं हसणं मात्र तेवढ्यात थांबलं. त्या दिवशी ते दुकानात न जाता सरळ घरी गेले.

घरी काय झालं ते मला नंतर काकूंनी सांगितलं. काकू म्हणजे अण्णांच्या पत्नी. ठेंगण्या, गोऱ्या, आणि शब्दाला धार अशी की अण्णांचं परीक्षण त्यापुढं बोथट. अण्णा जेवताना म्हणाले, “एक पोरगं खुळ्यागत काहीतरी बोलून गेलं.” सगळं ऐकून काकू म्हणाल्या, “बावीस वर्षं दुसऱ्याच्या आमटीत मीठ कमी का जास्त ते सांगताय. एकदा चुलीपाशी बसा की.”

पुढच्या शुक्रवारी अण्णा आले ते कोरे कागद घेऊन. “मॅडम, सदर आता तुमी चालवा. परीक्षा घेणारा आणि परीक्षा देणारा एका बाकावर बसत न्हाईत.” मी म्हटलं, सिनेमा येईपर्यंत तरी लिहा. त्यांनी ऐकलं नाही. निरोप समारंभ वगैरे करायचा आमचा विचार होता, पण साडेपाच वाजले होते.

पहाटे उठून ते लिहायचे आणि मग यार्डात जायचे. सुहास पंधरा दिवसांनी यायचा. सिनेमाची गोष्ट लोणंदच्या कांदा बाजारातल्या एका बाईची होती. कांदा निवडणारी बाई, नवरा सोडून गेलेला, आणि तिनं स्वतःचं दुकान टाकायचं ठरवलेलं. दोघांनी लोणंदला चकरा मारल्या. कांदा कसा निवडतात, पोतं कसं शिवतात, गाडी कशी भरतात, अण्णांनी एकेक गोष्ट पारखून घेतली. भेटले की खुशीत असायचे.

“कसं चाललंय, अण्णा?”

“लय सोपं हाय. एवढ्यासाठी हे लोक एवढी वर्षं रडत हुते व्हय?”

सिनेमा तयार झाला. लागायच्या आदल्या मंगळवारी त्यांचा फोन आला. “शुक्रवारी आमचा सिनेमा येतोय. परीक्षण कोण लिवणार?”

मी घुटमळले. “बाहेरच्या कुणाकडून तरी लिहून घेऊ म्हणत होते. मी लिहिलं तर लोक म्हणतील...”

“तुमीच लिवायचं. ओळखीच्या माणसाचा माल जरा जास्त जोरात मोडून बघायचा असतोय.”

शुक्रवारी बारा वाजता मी तिकीट काढून बसले. थिएटर निम्म्याहून जास्त रिकामं. अण्णा मागं कुठंतरी होते, आम्ही ठरवून एकमेकांकडं पाहिलं नाही. पहिल्या अर्ध्या तासात मी निर्धास्त झाले. बाजार इतका खरा होता की कांद्याचा वास यावा. आणि मग नवरा परत आला. ती बाई कांद्याच्या ढिगाशी उभी राहिली, पदरानं हात पुसले आणि म्हणाली, “माझ्या श्रमांना तू कधी मूल्य दिलं नाहीस. मग आता या रितेपणाचं ओझं मी एकटीनं का वाहायचं?”

माझ्या पुढच्या रांगेत दोन बायका होत्या. मांडीवर मंडईतल्या पिशव्या. एक म्हणाली, “अगं बया, ही काय बोलतीय?”

दुसरी म्हणाली, “पयली मास्तरीण आसंल शाळंत.”

त्यानंतर ती बाई जेव्हा जेव्हा तोंड उघडायची तेव्हा मला अण्णांचं अक्षर दिसायला लागलं. एकच ‘तथापि’ यायचा राहिला होता.

कचेरीत आले. संपादक म्हणाले, “आपला माणूस आहे. दोन ओळीत उरक.” चार वाजता मी टेबलाशी बसले. समोरची खुर्ची रिकामी होती आणि तीच अवघड जात होती. काय बघितलं ते लिवा, असं त्यांनीच शिकवलेलं. मी लिहिलं, ‘या सिनेमातली माणसं खरी कामं करतात, पण ती बोलत नाहीत, परीक्षण लिहितात.’ मग माझ्याच वाक्याची मला भीती वाटली आणि पुढच्या वाक्यात मी पाणी घातलं. ‘त्यामुळे सगळंच काहीसं खोटं वाटतं.’ तसंच छापलं गेलं.

सिनेमा आठवडाभरात उतरला. अण्णा आले नाहीत. त्यानंतरच्या शुक्रवारी नाहीत, त्याच्याही पुढच्या नाहीत. मी दोनदा फोन उचलून ठेवून दिला. मंडईत काकू भेटल्या तेव्हा मी त्यांचा हातच धरला. “काकू, माझं चुकलं का?”

“तुझं काय चुकलंय? वाचून गप बसलेत एवढंच.” मग त्या जवळ येऊन म्हणाल्या, “पण एक सांगते. दुकानात कुठलीबी हळद दाखवली की नुसतं ‘बरी हाय’ म्हणतायत. सगळ्यालाच बरी हाय. भावजी घाबरलेत. ह्यांस्नी काय झालंय म्हणून मला इचारून गेले.”

हे ऐकून मी घरी जाऊन रडले. ज्या माणसानं मला भिडस्तपणा सोडायला शिकवला, त्याच्याच तोंडातून मी निकाल काढून घेतला होता.

महिना-दीड महिना गेला असेल. एका दुपारी जिन्यात पावलं वाजली आणि अण्णा आत आले. समोरच्या खुर्चीत बसले. खिशातून माझं परीक्षण काढलं, चारपदरी घडी उलगडली आणि टेबलावर ठेवलं. एका शब्दाभोवती पेनानं गोल केलेला.

“ह्यात एक चूक हाय,” ते म्हणाले.

मी कात्रण जवळ ओढलं. “कुठली?”

“सगळंच काहीसं खोटं वाटतं, असं लिवलंय. काहीसं का?”

मी त्या गोलाकडं बघितलं.

“भ्यालासा काय?”

“हो.”

“मला?”

“तुम्हाला नाही. तुम्हाला वाईट वाटेल याला.”

त्यांनी माझ्याच टेबलावरचं लाल पेन उचललं आणि तो शब्द खोडला. “काहीसं काढा. खोटं ते खोटं. निम्मं खोटं काय नसतंय.” मग पेन जागेवर ठेवून म्हणाले, “मी बी तिथंच बसलो हुतो. त्या बाईनं मास्तरीण म्हटल्यालं मी बी ऐकलं. बावीस वर्षं इचारत आलो, ह्यो कामाला कुठं हाय, ह्यो कामाला कुठं हाय. माझी बाई मी कामाला लावली, आणि बोलायला तोंड दिलं माझं. ते बी घरातलं न्हाई. पेपरातलं.”

मला हसू आलं आणि डोळ्यात पाणीही. त्यांनी दोन्हीकडं लक्ष दिलं नाही.

“सुहास काय म्हणतो?” मी विचारलं. पोराचे सलग दोन सिनेमे पडले होते. त्याला आता कुणी उभं करेल का, याची मला काळजी होती.

“त्यो म्हणतोय, आता दोघं बी नापास. हितनं फुडं एकाच बाकावर बसायला हरकत न्हाई.” अण्णा उठले. “मी चाललोय मेढ्याला. काढणी झालीया. दुकानात भावाला सांगून आलो.”

“किती दिवस?”

“लोक कसं बोलतात ते कळंपतूर.”

वयाच्या चोपन्नाव्या वर्षी अण्णांनी मेढ्यात एक खोली घेतली. सकाळी बसस्टँडच्या बाकावर जाऊन बसायचे. आठवडी बाजारात, तहसील कचेरीच्या व्हरांड्यात, रसवंतीत, जिथं माणसं थांबतात तिथं. आधी लोकांना वाटलं जमीन बघायला आलेत. मग वाटलं सरकारी माणूस आहे. शेवटी लोकांनी अंदाज बांधणं सोडून दिलं आणि अण्णांना आपल्यात धरलं. संध्याकाळी सहाला जेवण, हा त्यांचा नेम सुहासच्या आईनं सांभाळला. ती स्वतः डबा घेऊन यायची, कांदा-लसूण न घातलेला. “तुमास्नी चव तरी कशी लागती अण्णा ह्याला?” ती विचारायची. अण्णा तिचं बोलणं ऐकत जेवायचे.

अधूनमधून मला फोन यायचा. “मॅडम, हितं माणूस रागावला की ओरडत न्हाई. चा घेताय का इचारायचं बंद करतोय. बास. समोरच्याला कळतंय.” दुसऱ्या वेळी म्हणाले, “आज एका बाईचा लेक फौजेत माघारी निघाला. तासभर दोघं स्टँडवर उभी हुती. तिनं एवढंच इचारलं, मोजे घेतलेस का. तीनदा इचारलं. मी बावीस वर्षं कानाला काय लावून बसलो हुतो?”

या ऐकण्यातून पुढची गोष्ट निघाली. नवरा बसचा ड्रायव्हर, बायको त्याच गाडीवर कंडक्टर. त्यानं तिला न विचारता दुसऱ्या डेपोत बदली मागून घेतलेली, आणि त्या दिवसापासून दोघांचं बोलणं बंद. पण गाडी तर रोज चालवायची. तिनं एक घंटी दिली की गाडी थांबवायची, दोन दिल्या की सोडायची. महिनाभर नवरा-बायको फक्त घंटीनं बोलतात. पटकथेचा पहिला खर्डा अण्णांनी मला वाचायला पाठवला. त्या दोघांचे एकमेकांशी संवाद मोजून चार होते. बाकी प्रवासी बोलत होते, ते मात्र अखंड.

सुहासला माणसं जमवायला वर्ष लागलं. नावाजलेलं कुणी नव्हतं. तरी सिनेमा झाला. सातारला आधी लागला, आणि तिथनं बातम्या यायला लागल्या की थिएटरात लोक भांडतायत.

ते भांडण मी सांगलीत पाहिलं. शेवटची फेरी. दुसऱ्या दिवशी नवरा जाणार. शेवटच्या थांब्यावर सगळे प्रवासी उतरलेत. रिकामी गाडी आता डेपोत न्यायची, तर तिनं दोन घंट्या द्यायला हव्यात. तिचा हात घंटीच्या दोरीवर आहे. तो स्टेअरिंग धरून पुढं बघतोय. कुणी काही बोलत नाही. पडद्यावर नुसती इंजिनाची थरथर. आणि मागून एक माणूस ओरडला, “वाजव की गं बाई!”

लगेच दुसऱ्या कोपऱ्यातून एक बाई ओरडली, “नगं वाजवू! बसू दे त्येला!”

मग सगळ्या थिएटरात तट पडले. वाजव, नको वाजवू, असा कल्ला. सिनेमात ती काय करते ते मी सांगणार नाही, अजून काहीजणांनी पाहिला नसेल. मी मान वळवली. अण्णा तीन खुर्च्या सोडून बसले होते. पडद्याकडं बघतच नव्हते. डोळे मिटून, मान थोडी खाली घालून लोकांचं ओरडणं ऐकत होते, आणि त्यांच्या चेहऱ्यावर असं काही होतं की मी पटकन पुन्हा पडद्याकडं पाहायला लागले. ते बघायचा मला हक्क नव्हता.

सिनेमा सात आठवडे चालला. मी भरभरून लिहिलं. शनिवारी सकाळी साडेसातला फोन.

“ह्या टायमाला एक बी खोट न्हाई म्हंता?”

“नाही अण्णा.”

“मध्यंतरानंतर बाजाराचा सीन लांबलाय. दिसला न्हाई?”

“दिसला.”

“मग?”

“जागा नव्हती पानात.”

“लाडात आलासा,” ते म्हणाले आणि फोन ठेवला.

आता अण्णा सांगलीत फारसे नसतात. सुहासच्या दोन आणि दुसऱ्या एका दिग्दर्शकाच्या पटकथा हातात आहेत. काढणीला येतात तेवढेच, आणि काकू महिन्यातले पंधरा दिवस मेढ्यात असतात. सुहासच्या आईचं आणि त्यांचं चांगलं जमलंय, म्हणजे दोघी मिळून अण्णांच्या लिखाणात चुका काढतात. इकडं मोबाईलवर अर्ध्या मिनिटात सिनेमाचा निकाल लावणारी पोरं झाली आहेत, पण आमचं सदर अजून चालू आहे. शुक्रवारी चार वाजता मी लिहायला बसते. समोरच्या खुर्चीवर आता कागदांचे गठ्ठे असतात.

गेल्या महिन्यात सुट्टी काढून त्यांचं चित्रीकरण बघायला गेले. मेढ्याच्या पुढं, उतारावरच्या एका भुईमुगाच्या रानात. गावातल्याच एका म्हातारीला, पारूबाईला, आईचं काम दिलं होतं. लेक शहरात निघालीय आणि आई रानात भांगलतीय असा प्रसंग. तिनं खुरपं न थांबवता म्हणायचं होतं, “जपून जा, पोचलीस की फोन कर.”

पारूबाई म्हणाली, “म्या न्हाय असं म्हणायची.”

“मग काय म्हणाल, आवं आई?” सुहासनं विचारलं.

“काय म्हणू? कामात हाय न्हवं मी?”

सगळे खोळंबले. अण्णांनी पँट गुडघ्यापर्यंत दुमडली, कुणाचं तरी खुरपं घेतलं आणि तिच्या शेजारच्या सरीला बसले. दोघं गवत काढत पुढं सरकायला लागली. ती त्यांना म्हणत होती, “हळदीवालं तुमी, भुईमुगात नीट बगून खुरपा, येल तोडशीला.” अण्णा हं हं करत होते. कॅमेरा, छत्र्या, पंधरा-वीस माणसं, सगळे बांधावर उभे.

माझी बसची वेळ झाली. पारूबाईनं सकाळीच मला घरच्या शेंगा दिल्या होत्या, कापडी पिशवीत गच्च भरून. मी पिशवी उचलली, “येते मावशी, येते अण्णा,” म्हटलं आणि निघाले. चार पावलं गेले असेन. मागून पारूबाईची हाक आली, खुरपं चालूच, मानही वर नाही.

“खालनं हात लाव गं. बंद तुटत्याल.”

मी खालून हात लावला आणि मागं पाहिलं. अण्णांचं खुरपं थांबलं होतं. ते पारूबाईच्या तोंडाकडं बघत होते, मातीचा हात खिशातलं पेन चाचपत होता. मी पुन्हा एकदा मोठ्यानं “येते अण्णा” म्हणाले. त्यांना ऐकू गेलं नाही. कागद गुडघ्यावर धरून त्यांनी लिहायला सुरुवात केली होती, आणि शेजारी म्हातारी त्यांच्या वाट्याची सरी खुरपत पुढं निघाली होती.